एकत्र गाण्याबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मी मुळात चित्रकार. काही वर्षांपूर्वी कागद-रंग बाजूला ठेवले आणि माणसांचे आवाज हेच माध्यम धरलं. अनोळखी माणसांना एका खोलीत बोलवायचं आणि त्यांनी एकत्र गावं यासाठी लागेल ते सगळं करायचं, हे आता माझं काम आहे. या कामाबद्दल तेच ते प्रश्न येत राहतात. काही जण फोनवर विचारतात, काही दारात चपला काढताना. सगळं संपल्यावर मला कोपऱ्यात गाठून हळूच विचारणारेही असतात. त्या सगळ्यांची उत्तरं इथे सविस्तर लिहिली आहेत.

हा गाण्याचा क्लास आहे की कार्यक्रम?

क्लासमध्ये शिकवणारा आणि शिकणारा असतो, कार्यक्रमात गाणारा आणि ऐकणारा. इथे या वाटण्या नाहीत, आणि म्हणूनच श्रोत्यांसाठी खुर्च्याही नसतात. वीस-तीस माणसं गोल करून उभी राहतात आणि दीड-दोन तासांत एखाददुसरं गाणं दोन किंवा तीन आवाजांत, म्हणजे एकाच वेळी वेगवेगळे सूर गाणाऱ्या दोन-तीन गटांत, बसवतात. जो आला तो वर्तुळात उभा राहणार, एवढीच अट.

ही काही माझी कल्पना नव्हे. अमेरिकेच्या दक्षिण भागात ‘सेक्रेड हार्प’ नावाची गाण्याची रीत आहे. १८४४ साली निघालेल्या एका गीतसंग्रहावरून तिला ते नाव मिळालं. तिथे चार आवाजांचे चार गट चौकोनाच्या चार बाजूंना, तोंडं आत करून बसतात आणि मधली जागा मोकळी ठेवतात. ज्याची पाळी येईल तो त्या मोकळ्या जागेत उभा राहून हाताने ठेका देत गाणं चालवतो, मग दुसरा येतो, मग तिसरा. चारही बाजूंचा आवाज त्या मधल्या जागेवर येऊन आदळतो, म्हणून गाणं सर्वांत सुंदर तिथेच ऐकू येतं. सगळ्यात चांगली जागा गाणाऱ्याची, आणि तीही पाळीपाळीने प्रत्येकाची. समूहगानाबद्दल मला जे काही कळलं आहे त्यातलं निम्मं त्या रिकाम्या चौकोनात आहे.

मला अजिबात गाता येत नाही. तरी येऊ का?

हा प्रश्न सर्वांत जास्त वेळा येतो. विचारणाऱ्याच्या आवाजात बहुतेकदा एक जुनी जखम असते. शाळेत कुणीतरी म्हटलेलं असतं, “तू नुसते ओठ हलव.” घरी कुणी हसलेलं असतं. त्यानंतर ते माणूस तीस-तीस वर्षं न्हाणीघरातसुद्धा गुणगुणत नाही. मला याचा राग येतो आणि तो मी लपवत नाही. चित्र काढता येत नाही म्हणून कुणाचा हात बांधून ठेवत नाहीत. गळा मात्र सहज बांधला जातो.

आता खरं काय ते सांगते. दोन सुरांतला फरक कानालाच कळत नाही अशी माणसं असतात, पण फार थोडी, शंभरात एखाद-दोन. बाकीचे जे स्वतःला बेसूर म्हणवतात त्यांना सूर ऐकू येतो, फक्त ऐकलेल्या जागी गळा नेण्याची सवय नसते. चेंडू दिसतो पण झेलता येत नाही, तसं आहे हे. झेलणं सरावाने जमतं, हेही जमतं. शिवाय स्वतःचा आवाज आपल्याला हाडांतूनही ऐकू येतो. त्यामुळे मोठ्याने गाणाऱ्याला बाहेरचा सूर नीट पोचत नाही. घाबरलेला माणूस एकतर ओरडतो, नाहीतर पुटपुटतो, आणि दोन्हींत सूर हरवतो.

म्हणून पहिल्या अर्ध्या तासात मी एकच गोष्ट मागते. शेजारच्याचा आवाज तुमच्या आवाजापेक्षा थोडा जास्त ऐकू येईल इतकं हळू गा. एवढ्यावर कित्येक ‘बेसूर’ माणसं सुरात येताना मी पाहिली आहेत. सगळी येत नाहीत. जी येत नाहीत त्यांनीही गावं. तीस आवाजांत दोन आवाज इकडेतिकडे असले की सूर बिघडत नाही, किंचित रुंद होतो. एकच आवाज आणि तीस आवाज यांत जो फरक आपल्याला गोड लागतो, तो अशा बारीक विसंवादातूनच तयार होतो.

एकत्र गाताना शरीरात नेमकं काय होतं?

सगळ्यात आधी श्वास जुळतो. बोलताना प्रत्येक जण आपल्या सोयीने श्वास घेतो. गाण्यात ओळ जिथे संपते तिथेच श्वास घ्यावा लागतो, म्हणजे तीस जण एका क्षणी आत ओढतात आणि मग सावकाश सोडतात. श्वास आत घेताना हृदय थोडं जलद चालतं आणि सोडताना मंदावतं. श्वासांची लय एक झाली की हृदयाच्या ठोक्यांचा चढउतारही एकमेकांजवळ येतो.

स्वीडनमधल्या गोथेनबर्ग विद्यापीठाच्या संशोधकांनी २०१३ साली हे मोजून पाहिलं. प्रयोग लहान होता, तरुण मुलामुलींचा. नुसता हुंकार (ओठ मिटून गुणगुणणं), एक स्तोत्र आणि संथ मंत्रासारखं पुन्हा पुन्हा म्हणायचं एक गाणं असे तीन प्रकार त्यांनी गाऊन घेतले. गाण्याच्या रचनेने श्वासाला जितकं जास्त बांधलं, तितके ठोके जास्त जुळले. गाणं लिहिणारा म्हणजे एका अर्थी श्वास लिहिणारा, हे मला त्यातून पटलं. तेव्हापासून नवं गाणं बसवताना मी आधी श्वासाच्या जागा ठरवते, चालीकडे नंतर वळते.

गाण्याने वेदना सोसण्याची ताकद वाढते असंही अशा अभ्यासांत दिसलं आहे. शरीरात तयार होणाऱ्या, वेदना कमी करणाऱ्या एंडॉर्फिन या रसायनांशी त्याचा संबंध संशोधक जोडतात. पण मी माणसांना त्यासाठी बोलावत नाही. ओळ संपते, तीस जण मिळून श्वास घेतात आणि त्या अर्ध्या सेकंदात खोलीत एक मोठा सुस्कारा ऐकू येतो. तो ऐकला की नवी माणसं एकमेकांकडे बघून हसतात. दर वेळी.

तुम्ही कलाकार म्हणून यात काय करता? हे तर कोणताही संगीत शिक्षक करेल.

करू शकेल, आणि पुष्कळ जण उत्तम करतात. माझ्या कामाचा फरक हेतूत आहे. शिक्षकाला गाणं चांगलं व्हावं असं वाटतं. मला ते ज्या तऱ्हेने घडतं त्यात रस आहे. कोण कुणाकडे बघतं, कोण पहिला सूर लावतं, चूक झाल्यावर खोलीत काय होतं. माझी कलाकृती म्हणजे त्या दोन तासांचे नियम.

दोन उदाहरणं देते. इंग्लंडमधले संगीतकार कॉर्नेलियस कार्ड्यू यांनी १९६०च्या दशकाच्या शेवटी चिनी तत्त्वज्ञ कन्फ्यूशियसच्या वचनांवर एक मोठी रचना लिहायला घेतली. तिचा सातवा भाग कितीही माणसांनी, गाण्याचं शिक्षण नसतानाही गावा असा आहे. स्वरलेखन जवळजवळ नाही. प्रत्येकाने ओळ अमुक इतक्या वेळा, दर वेळी एका श्वासाच्या लांबीइतकी गायची. पुढच्या ओळीसाठी मात्र आजूबाजूला ऐकू येणाऱ्या सुरांपैकीच एक उचलायचा. सुरुवातीला सुरांची नुसती गर्दी असते. हळूहळू माणसं एकमेकांकडून सूर घेत जातात, तसे ते कमी कमी होत जातात आणि गोंगाटातून एक शांत, रुंद नाद उरतो. कुणीही चालवत नसताना तो आकार येतो.

दुसरं उदाहरण अमेरिकन संगीतकार पॉलिन ऑलिव्हेरोस यांचं. १९७०च्या दशकात त्यांनी सामान्य माणसांसाठी ऐकण्याच्या आणि गाण्याच्या सूचनाच शब्दांत लिहून काढल्या. त्यातली एक मी जवळजवळ प्रत्येक बैठकीत वापरते. मनात जो सूर ऐकू येईल तो एका श्वासभर गायचा. पुढच्या श्वासाला दुसऱ्या कुणाचा तरी सूर शोधून त्यात आपला मिसळायचा. मग पुन्हा मनातला, मग पुन्हा दुसऱ्याचा. इतकंच. दहा मिनिटं हे केलं की एरवी आपण दोनांपैकी कोणती गोष्ट टाळतो ते प्रत्येकाला उमगतं. काही जणांना स्वतःचा सूर लावायची भीती वाटते, काहींना दुसऱ्याचा घेण्याची. मला दुसऱ्याचा घेणं जड गेलं होतं.

एकत्र गाण्यातलं मुख्य काम ऐकण्याचं आहे, असं माझं ठाम मत आहे. आपला आवाज कुणीतरी ऐकून उचलला हे कळतं, तिथे जोडलं जाणं सुरू होतं. माझे सगळे नियम त्या एका क्षणासाठी असतात.

कोणती गाणी घेता?

लहान, पुन्हा पुन्हा येणारी, आणि शक्य तोवर कुणालाच आधी माहीत नसलेली. माहीत असलेलं गाणं निघालं की ज्यांना ते पाठ आहे ते मालक होतात आणि बाकीचे पाहुणे. नवं गाणं सगळ्यांना सारखंच परकं असतं.

एकामागून एक गट तीच चाल उशिरा सुरू करतात असा चक्राकार प्रकार मला फार उपयोगी पडतो. त्याला हजारो पानांची तयारी लागत नाही, एक चाल शिकली की तीन आवाजांचं गाणं तयार. या प्रकाराचं सर्वांत जुनं लिहून ठेवलेलं उदाहरण इंग्लंडमधलं, तेराव्या शतकातलं आहे, आणि तिथे हस्तलिखितातच कुणी केव्हा सुरू करायचं याची सूचना दिलेली आहे. आठशे वर्षांत युक्ती बदललेली नाही. कुणीतरी आधी निघतं आणि बाकीचे त्याला गाठत नाहीत, सोबत करतात.

शब्दांबाबत मी काटेकोर असते. एखाद्याला जे शब्द मनापासून उच्चारता येणार नाहीत ते त्याच्या तोंडी घालणं मला पटत नाही. श्रद्धेचे शब्द असतील तर आधी सांगते. ज्यांना नको वाटतं ते त्या ओळीला आकार लावतात, म्हणजे शब्दांऐवजी नुसतं ‘आ’ गातात. आकारातही तितकंच गाणं असतं.

शब्द लोकांनी स्वतः लिहिलेले चालतील का?

चालतील काय, मला तेच जास्त आवडतं. यातला माझा सर्वांत आवडता प्रयोग फिनलंडच्या टेलर्वो कॅलाइनेन आणि त्यांचे जर्मन जोडीदार ऑलिव्हर कोख्टा-कॅलाइनेन या दोघा कलाकारांचा. फिनिश भाषेत, खूप माणसं एकदम कुरकुर करू लागली की त्याला ‘तक्रारींचा कोरस’ अशा अर्थाचा एक शब्दच आहे. या दोघांनी तो शब्दशः घेतला. लोकांकडून तक्रारी गोळा करायच्या, त्यांचं गाणं करायचं, आणि तक्रार करणाऱ्यांनीच ते सार्वजनिक जागी उभं राहून गायचं. पहिला प्रयोग २००५ साली इंग्लंडमधल्या बर्मिंगहॅमला झाला, पुढच्या वर्षी हेलसिंकीत. मग ही कल्पना इतर देशांतल्या लोकांनी उचलली आणि आपापल्या तक्रारी गायल्या.

यातली गंमत अशी, की एकट्याने केलेली तक्रार रडगाणं वाटते, आणि तीच पन्नास जणांनी चार आवाजांत गायली की ऐकणाऱ्याला ती आपलीही वाटायला लागते. बसला उशीर होतो, शेजारी भिंतीत खिळे ठोकतो, स्वप्नं कंटाळवाणी पडतात. जागतिक संकट आणि फाटका मोजा शेजारी शेजारी येतात. पण हे नुसतं हसण्यावारी नेण्यासारखं नाही. २००८ साली सिंगापूरमध्ये अशा गटातल्या परदेशी सदस्यांना सार्वजनिक ठिकाणी गाण्याची परवानगी नाकारली गेली, तेव्हा गटाने तो जाहीर प्रयोगच रद्द केला. सगळे नाही तर कुणीच नाही, हा त्यांचा निर्णय मला त्या गाण्याइतकाच मोठा वाटतो.

तुम्ही करणार असाल तर एक सूचना. तक्रारी चिठ्ठीवर लिहून घ्या आणि नाव लिहू देऊ नका. आपली ओळ दुसऱ्याच्या तोंडून ऐकणं हा त्यातला अर्धा अनुभव आहे.

बायका, पुरुष, मुलं एकत्र. पट्टी कशी जमवता?

अडचण खरी आहे. एकट्याने गाताना बऱ्याच बायका काळी चार-पाचच्या (पेटीवरच्या चौथ्या-पाचव्या काळ्या पट्टीच्या) आसपास रमतात, पुरुष काळी एक-दोनला. सगळ्यांना एकाच पट्टीत आणलं की कुणालातरी खाली सूर सापडत नाही आणि कुणाचातरी वर गळा ताणतो. मी पट्टीशी झगडत नाही, कमी सुरांचं गाणं निवडते. पाच-सहा सुरांत फिरणारी चाल असली की बायका आणि पुरुष आपोआप एका सप्तकाच्या अंतराने गातात, आणि पट्टी अर्ध्या सुराने इकडेतिकडे सरकवली की बहुतेकांचं भागतं. वयात येणाऱ्या मुलांचा आवाज फुटत असतो, त्यांना कोणत्या गटात उभं राहायचं ते त्यांचं त्यांनाच ठरवू द्यावं, आणि दर आठवड्याला बदलूही द्यावं.

किती माणसं हवीत?

बारापेक्षा कमी असली तर प्रत्येक जण उघडा पडतो. चाळीसच्या वर गेलं की मला चेहरे लक्षात राहत नाहीत. ही माझी मर्यादा झाली, गाण्याची नव्हे. लंडनमधल्या एका गायकवृंदाचा अभ्यास २०१६ साली प्रसिद्ध झाला. त्याच्या छोट्या शाखांत वीस ते ऐंशी माणसं गात, आणि त्या सगळ्या एकत्र जमल्या की २३२. मोठ्या मेळाव्यात बहुतेक माणसं एकमेकांना ओळखतही नव्हती. तरीही गाऊन झाल्यावर त्यांना वाटणारी जवळीक लक्षणीय वाढली होती.

ऑस्ट्रेलियातल्या ब्रिस्बेनमध्ये ॲस्ट्रिड जॉर्गेन्सन यांनी २०१७ पासून ‘पब क्वायर’ (क्वायर म्हणजे गायकवृंद) चालवलं आहे. तिकीट काढून आलेल्या शेकडो अनोळखी माणसांना त्या एका संध्याकाळी एक लोकप्रिय गाणं तीन आवाजांत शिकवतात आणि शेवटी सगळे मिळून गातात. आधी तालीम नाही, निवड नाही. मोठ्या गर्दीतही सूचना साध्या असल्या तर हे होतं.

एका संध्याकाळची ही जवळीक खोटी नाही का?

प्रश्न बरोबर आहे आणि तो विचारणाऱ्यांचा मला आदर वाटतो. २०१५ साली ऑक्सफर्डच्या संशोधकांचा, त्यांत मानसशास्त्रज्ञ रॉबिन डनबरही होते, एक अभ्यास प्रसिद्ध झाला. प्रौढांचे नवे वर्ग सुरू झाले होते, काही गाण्याचे, काही हस्तकलेचे, काही लेखनाचे. सात महिने त्यांनी माणसांमधली जवळीक मोजली. गाणारे सुरुवातीला खूप लवकर जवळ आले. सात महिन्यांनी मात्र तिन्ही प्रकारचे वर्ग जवळजवळ सारखेच जवळ आलेले होते.

म्हणजे गाण्याने मिळतो तो वेग. अनोळखीपणाचा पहिला, अवघड टप्पा लवकर ओलांडता येतो. पुढे नातं टिकायचं तर एकमेकांचं नाव लक्षात ठेवावं लागतं, आजारी पडल्यावर फोन करावा लागतो. ते गाणं करत नाही. म्हणूनच माझ्या बैठकीत गाणं संपल्यावर अर्धा तास राखून ठेवलेला असतो आणि त्यात मी काहीही ठरवलेलं नसतं. काही जण त्या वेळातच खरं बोलतात. एकमेकांच्या घराजवळ राहणारे एकत्र निघतात. मी सुरुवातीची दोन वर्षं हा अर्धा तास ठेवत नव्हते. माणसं भारावून यायची, भारावून जायची, आणि पुढच्या वेळी पुन्हा अनोळखीच असायची. चूक माझी होती.

ज्यांच्यात वैर आहे अशा माणसांना गाणं जवळ आणतं का?

एकटं गाणं नाही आणत. जेरुसलेममध्ये २०१२ साली इस्रायली आणि पॅलेस्टिनी मुलामुलींचा एक गायकवृंद सुरू झाला. तिथे गाण्याच्या तालमीइतकंच महत्त्व बोलण्याच्या सत्रांना आहे, आणि ती सत्रं त्यातल्या जाणकारांच्या सोबतीने चालतात. मला यातली दिशा पटते. एकत्र गायल्यामुळे समोरच्याचं न आवडणारं बोलणं ऐकून घ्यायची थोडी ताकद येते. ती ताकद आली आणि बोलणं झालंच नाही, तर ती वाया जाते. एखादी संस्था आपल्या भांडणाऱ्या विभागांना “एकदा गाऊन घ्या” म्हणून माझ्याकडे पाठवू पाहते तेव्हा मी नकार देते.

हजारो लोक एका सुरात गायला लागले की मला भीती वाटते. तुम्हाला नाही वाटत?

वाटते. एकत्र गाणं माणसांना जोडतं, पण कशासाठी जोडतं ते त्याला ठाऊक नसतं. सैन्य गात गात चालतं, हुकूमशहांच्या मैदानांतही लोकांनी गायलेलं आहे.

आणि त्याच शक्तीचं दुसरं रूप एस्टोनियात दिसतं. तिथला पहिला गानोत्सव १८६९ साली तार्तू गावात झाला. पुढे सोव्हिएत राजवटीतही हे उत्सव होत राहिले, आणि लोकांनी आपली भाषा त्यांतून जपली. १९८८च्या उन्हाळ्यात आणि सप्टेंबरमध्ये राजधानी तालिनच्या गानमैदानावर प्रचंड गर्दी जमून आपली गाणी गाऊ लागली. त्या काळाला पुढे ‘गाणारी क्रांती’ असं नाव पडलं. १९९१ साली देश पुन्हा स्वतंत्र झाला. स्वातंत्र्य गाण्याने मिळालं असं म्हणणं भाबडेपणाचं होईल, राजकारण आणि इतिहास त्यात पुष्कळ होता. पण आपण एकटे नाही हे त्या मैदानावर प्रत्येकाला कानाने कळलं.

दोन्हींतला फरक ओळखायची माझी खूण साधी आहे. तिथे गप्प राहता येतं का? गप्प राहणाऱ्याकडे शेजारी संशयाने पाहतात का? माझ्या वर्तुळात कुणीही, कधीही, कारण न सांगता थांबू शकतं. एकदा एक गृहस्थ पूर्ण वेळ गप्प उभे राहिले आणि पुढच्या आठवड्यात पुन्हा आले. पाचव्या आठवड्यात ते गायले. कुणी त्यांच्याकडे वळून पाहिलं नाही, याचा मला आजही अभिमान आहे.

ऑनलाइन करता येईल का?

एकाच वेळी, एका सुरात, साध्या व्हिडिओ कॉलवर? नाही. आवाज हवेतून सेकंदाला सुमारे ३४३ मीटर जातो. म्हणजे दहा मीटरवरच्या माणसाचा सूर तुमच्यापर्यंत सेकंदाच्या सुमारे पस्तिसाव्या भागाने उशिरा पोचतो, आणि ठेका धरून एकत्र गायला साधारण तेवढाच उशीर सोसतो. कॉलवरचा उशीर त्याच्या कित्येक पट असतो. प्रत्येक जण दुसऱ्याची वाट बघतो आणि गाणं मंदावत जाऊन थांबतं.

वेगवेगळं गाऊन जोडता मात्र येतं. अमेरिकन संगीतकार एरिक व्हिटॅकर यांनी २०१० साली १२ देशांतल्या १८५ जणांची घरी केलेली ध्वनिमुद्रणं जोडून एक आभासी गायकवृंद उभा केला. सुंदर काम आहे. पण त्यात गाणाऱ्याने गाताना शेजारच्याला ऐकलेलं नसतं, त्यामुळे माझ्या कामाला ते पुरत नाही. घराबाहेर पडता न येणाऱ्यांसाठी मी वेगळी वाट काढते. मी गाते, ते माईक बंद ठेवून माझ्यासोबत गातात, मग एकेक जण माईक उघडून एक ओळ एकट्याने गातो. धीर लागतो, पण ऐकलं जातं.

मध्येच रडू आलं तर?

येतं पुष्कळांना. थांबा, खाली बसा, शेजाऱ्याला चालत असेल तर त्याच्या खांद्याला टेका. बाकीचे गात राहतात. तुमच्या वाटणीचा सूर ते सांभाळतात, परत यावंसं वाटेल तेव्हा तो तिथेच असतो.

हा उपचार आहे का?

नाही, आणि मी तसं कधी म्हणणार नाही. मेंदूच्या डाव्या भागाला इजा होऊन बोलणं गेलेल्या काही रुग्णांना ओळखीच्या गाण्याचे शब्द मात्र गाता येतात. त्या निरीक्षणावर आधारलेली, सुरांतून बोलण्याकडे नेणारी एक उपचारपद्धत १९७०च्या दशकात बोस्टनमध्ये विकसित झाली. ते प्रशिक्षित माणसांचं काम. तुमच्या घरात अशी कुणी व्यक्ती असेल तर वाचा-उपचार तज्ज्ञांना जरूर विचारा. माझ्याकडे त्यांना गायला आणा, बरं करायला नको.

मला माझा गट सुरू करायचाय. काय लागतं?

खोली लागते. फार घुमणारी नको आणि गालिचे-पडद्यांनी आवाज पिऊन टाकणारीही नको. आत जाऊन एक टाळी वाजवा. टाळीचा आवाज क्षणभर रेंगाळून विरला तर खोली घ्या. पेटी असली तर बरं, नसली तरी अडत नाही. पहिला सूर देण्यापुरतं फोनवरचं एखादं ॲप चालतं.

गोल उभे राहा. ओळींत उभं केलं की मागच्यांना पुढच्यांच्या पाठी दिसतात. गाणं कागदावर वाटू नका, ऐकवून शिकवा. कागद हातात आला की डोळे खाली जातात आणि कान बंद होतात. एक ओळ गा, परत ऐका, पुन्हा गा. चूक ऐकू आली तर माणूस दाखवू नका, ओळच पुन्हा गा. सुरुवातीलाच कोणते शब्द, कोणती चाल, किती वेळा हे सगळं पक्कं करून जा, आणि तिथे गेल्यावर त्यातलं अर्धं सोडायची तयारी ठेवा.

तिसऱ्या-चौथ्या बैठकीपासून दुसऱ्या कुणाला तरी गाणं सुरू करू द्या. हे सगळ्यात अवघड. आपण मध्ये उभे असतो तेव्हा सगळ्यांचे डोळे आपल्यावर असतात आणि ते सुखावतं. पण लोक तुमच्याकडे बघत असतील तोवर ते एकमेकांकडे बघत नाहीत.

रेकॉर्डिंग करता का?

बैठकीचं नाही. फोन बाहेरच्या टोपलीत. मुद्रण होतंय म्हटल्यावर माणसं त्या क्षणासाठी गायचं सोडून नंतरच्या ऐकणाऱ्यासाठी गातात. सगळ्यांनी मिळून ठरवलं तर शेवटच्या दिवशी एकदाच.

घशाची आणि तब्येतीची काय काळजी घ्यायची?

पाणी जवळ ठेवा. सर्दी-खोकला, ताप असेल त्या दिवशी घरी राहा, याबाबत मी कडक आहे. गाताना श्वासाबरोबर सूक्ष्म थेंब पुष्कळ बाहेर पडतात. मार्च २०२० मध्ये अमेरिकेतल्या वॉशिंग्टन राज्यात एका गायकवृंदाची अडीच तासांची तालीम झाली. हजर असलेल्या ६१ जणांपैकी तब्बल ५३ जण कोविडच्या निश्चित किंवा संभाव्य रुग्णांत मोजले गेले आणि दोघे दगावले. ते आठवून आजही मी सगळ्या खिडक्या उघडते, मग बाहेरची रहदारी आत आली तरी चालेल. घसा दुखायला लागला तर गाणं थांबवून हुंकार द्या. दुखत असताना ताणून गायलेला सूर कुणालाच नको असतो.

उशीर झाला तर आत येऊ का?

या. दार लोटलेलं असतं, कडी नसते. वर्तुळात जिथे जागा दिसेल तिथे उभे राहा, शेजारचे थोडे सरकतील. एक-दोन ओळी नुसत्या ऐका, बाकीचे श्वास कुठे घेतात ते बघा आणि पुढच्या श्वासाला त्यांच्याबरोबर सुरू करा.